ॲनोमॅलोकॅरिसची खऱ्या मापाची प्रतिकृती: हातापासून शेपटीपर्यंत

डायनासोरची प्रतिकृती करायची म्हटली की पहिली तडजोड मापात करावी लागते. ॲनोमॅलोकॅरिसच्या बाबतीत ती वेळ येत नाही. ५० कोटी ८० लाख वर्षांपूर्वीच्या कॅम्ब्रियन समुद्रातल्या मोठ्या शिकाऱ्यांपैकी हा एक, तरी आज तो तुमच्या अभ्यासाच्या टेबलावर आरामात मावेल. सहावी-सातवीच्या मुलांना मोठ्या माणसाची थोडी मदत असेल, तर लगदा वाळायला लागणारा वेळ धरून दोन शनिवार-रविवारांत हे काम होतं. विज्ञान प्रदर्शनासाठी करा किंवा घरच्या भिंतीसाठी.

सामानाची जुळवाजुळव सोपी आहे, माहितीची अवघड. या प्राण्याची इंटरनेटवरची निम्मीअधिक चित्रं तीन-चार वेगळ्या प्राण्यांचे अवयव एकत्र करून बनलेली आहेत. एकाचं तोंड, दुसऱ्याचे हात, तिसऱ्याचे पाय. म्हणून काम सुरू करण्याआधी एक नियम ठरवून टाका: प्रतिकृतीतला प्रत्येक अवयव कुठल्या जीवाश्माच्या आधारावर बसवलाय हे सांगता आलं पाहिजे. जे सांगता येणार नाही ते बसवायचं नाही.

सामान

हार्डवेअरच्या दुकानातून दोन मिलिमीटर जाडीची ॲल्युमिनियमची तार, एम-सील आणि बारीक पॉलिश पेपर घ्या. स्टेशनरीतून जाड फोम शीट, खाकी कागद, मास्किंग टेप, ट्रेसिंग पेपर, फेविकॉल, फेविक्विक, ॲक्रिलिक रंग आणि फाइलची पारदर्शक प्लॅस्टिक कव्हरं. घरातून जुनी वर्तमानपत्रं, खराट्याचे दहा-बारा हीर आणि फेकायला काढलेले टूथब्रश. थर्माकोलची गरज नाही. कापताना त्याचे मणी घरभर होतात आणि वक्र आकार नीट येत नाहीत, म्हणून मी तो वापरत नाही. कटर आणि फेविक्विक मोठ्या माणसाच्या हातात राहू दे.

आधी कागदावर माप

टोरांटोच्या रॉयल ओंटारिओ म्युझियमकडे कॅनडातल्या बर्जेस शेल या खडकथरातल्या जीवाश्मांचा मोठा संग्रह आहे आणि त्यांचे फोटो त्यांच्या संकेतस्थळावर पाहता येतात. ‘ॲनोमॅलोकॅरिस कॅनाडेन्सिस’ या जातीची पानं उघडा. हे पूर्ण नाव महत्त्वाचं आहे, कारण याच घराण्यातल्या इतरांची शरीरं बरीच वेगळी आहेत. मोरोक्कोतला एजिरोकॅसिस दोन मीटर लांब होता आणि पाण्यातले सूक्ष्म जीव गाळून खायचा.

पूर्ण शरीराचे जीवाश्म फार दुर्मीळ आहेत. सुटे हात, म्हणजे डोक्यापुढचे काटेरी अवयव, मात्र भरपूर सापडतात. एका जवळपास पूर्ण नमुन्यात धडाची लांबी हाताच्या साधारण दुप्पट भरते. सर्वांत मोठे सुटे हात सरळ केले तर १८ सेंटिमीटरच्या आसपास जातात. दोन्ही आकडे जोडले की हात आणि शेपटीचा पंखा सोडून मोठ्या प्राण्याचं धड ३४ ते ३८ सेंटिमीटर येतं. ‘मीटरभर लांबीचा राक्षस’ हे जुन्या पुस्तकांतलं वर्णन म्हणून सोडून द्या. आपण धड ३६, हात १८ आणि शेपटीचा पंखा साधारण ८ सेंटिमीटर धरू. हात पुढे ताणलेले ठेवले तर एकूण दोन फुटांच्या थोडं पुढे जातं.

खाकी कागदावर या मापाचं वरून आणि बाजूने असं दोनदा रेखाटन करा. पुढे प्रत्येक तुकडा त्याच्यावर ठेवून तपासायचा आहे, त्यामुळे इथे अर्धा तास जास्त गेला तरी चालेल.

पहिलं काम हातांचं

बहुतेक जण धडापासून सुरुवात करतात. तुम्ही हातांपासून करा. माप हातावरून ठरलंय हे एक कारण, आणि शास्त्रज्ञांना हा प्राणी सापडला तोही याच क्रमाने.

१८८६ साली कॅनडाच्या भूगर्भ सर्वेक्षणातल्या रिचर्ड मॅकॉनेल यांनी ब्रिटिश कोलंबियातल्या माउंट स्टीफनवरून काही जीवाश्म आणले. १८९२ मध्ये जोसेफ व्हाइटीव्ज यांनी त्यांचं वर्णन केलं आणि ते कोळंबीसारख्या प्राण्याचं डोकं नसलेलं शरीर आहे असं मानून नाव दिलं. हातात धरलेला तुकडा एका मोठ्या प्राण्याचा फक्त हात आहे, असं कुणाला वाटावं तरी कसं? फोटो पाहाल तर तुम्हीही त्याला कोळंबीच म्हणाल. हे शरीर नसून उपांग असावं, असं डेरेक ब्रिग्ज यांनी १९७९ मध्ये मांडलं. म्हणजे मधे ८७ वर्षं गेली.

प्रत्येक हातात १४ खंड असतात: बुंध्याचा एक आणि पुढे वाकणारे १३. हात गोल नळीसारखे नव्हते. ते बाजूंनी चपटे होते, म्हणजे रुंदीपेक्षा उंची जास्त. गोल मणी ओवून केलेले हात दिसायला छान, पण चूक. म्हणून फोम शीट वापरायची.

२५ सेंटिमीटर तार घ्या. जास्तीची सात सेंटिमीटर डोक्यात रुतवायला लागेल. बुंध्याच्या खंडासाठी ३ सेंटिमीटर लांब आणि सव्वादोन सेंटिमीटर उंच असे फोमचे दोन तुकडे कापा. पुढच्या १३ खंडांची लांबी १६ मिलिमीटरपासून ७ मिलिमीटरपर्यंत कमी करत न्या आणि उंचीही त्याच ओघात अर्ध्या सेंटिमीटरपर्यंत उतरवा. बेरीज १८ सेंटिमीटरच्या आसपास आली की झालं. प्रत्येक खंडाचे दोन तुकडे तारेच्या दोन्ही बाजूंनी फेविकॉलने एकमेकांवर चिकटवा. दोन खंडांत अगदी थोडी फट सोडा, नाहीतर हात वाकणार नाही. दुसरा हात पहिल्याचा आरसा असतो, पण कापण्याचे तुकडे तेच, त्यामुळे सगळं एकदमच दुप्पट कापून घ्या.

आता काटे. बहुतेक खंडांच्या खालच्या बाजूला काट्यांची जोडी असते. एका खंडावर लांब, पुढच्यावर आखूड, पुन्हा लांब, असा क्रम चालतो. ही आलटापालट दाखवली नाही तर हात दुसऱ्याच कुठल्यातरी जातीचा वाटतो. हिराचे तुकडे तिरके कापून टोकदार करा. बुंध्याजवळचे लांब काटे दोन सेंटिमीटर, आखूड काटे त्याच्या निम्मे, टोकाकडे सगळेच लहान. फोमला सुईने भोक पाडून, हिराला फेविकॉल लावून आत सरकवा.

प्रत्येक काट्याच्या पुढच्या आणि मागच्या कडेवर आणखी बारीक उपकाटे होते. त्यासाठी टूथब्रशचे केस तीन-चार मिलिमीटरचे कापून चिमट्याने लावायचे. या नायलॉनवर फेविकॉल बसत नाही, फेविक्विकचा थेंब लागतो. हे काम किचकट आहे आणि मुलं इथेच कंटाळतात. वेळ नसेल तर फक्त लांब काट्यांना उपकाटे लावा, पण अजिबात वगळू नका. भक्ष्य निसटू नये ही सोय त्यांच्यात आहे.

तोंड: इथे सगळ्यात जास्त चुका होतात

अननसाच्या चकतीसारखं गोल तोंड तुम्ही नक्की पाहिलं असेल: चार मोठ्या पट्ट्या, मधे लहान, एकूण ३२. ते तोंड खरं आहे, पण आपल्या प्राण्याचं नाही.

चार्ल्स वॉलकॉट यांनी १९११ मध्ये बर्जेस शेलमधल्या अशा एका गोल जीवाश्माला जेलीफिश समजून ‘पेटोइया’ म्हटलं. त्याच वर्षी दुसऱ्या एका चिरडलेल्या शरीराला समुद्रकाकडी समजून ‘लॅगानिया’ नाव दिलं. पुढे हॅरी व्हिटिंग्टन एका जीवाश्मावरचा खडकाचा थर हळूहळू काढत गेले, तेव्हा ‘कोळंबी’ आणि ‘जेलीफिश’ एकाच शरीराला जोडलेले दिसले. १९८५ मध्ये व्हिटिंग्टन आणि ब्रिग्ज यांचा शोधनिबंध आला आणि तीन प्राण्यांचा एक प्राणी झाला. त्यात त्यांनी दोन जाती मानल्या होत्या. चकतीवाली जात आज पुन्हा पेटोइया या स्वतंत्र नावाने ओळखली जाते, आणि चित्रकारांनी मात्र तिची चकती ॲनोमॅलोकॅरिसच्या तोंडावर बसवून ठेवली ती ठेवलीच.

ॲलिसन डेली आणि यान बर्गस्ट्रॉम यांनी २०१२ मध्ये दाखवून दिलं की ॲनोमॅलोकॅरिस कॅनाडेन्सिसच्या तोंडात मोठ्या पट्ट्या तीनच आहेत. त्यांच्या मधल्या पट्ट्या लहान-मध्यम आणि असमान आहेत, पृष्ठभाग सुरकुतलेला, गाठीगाठींचा आहे आणि मधलं छिद्र छोटं, वेडंवाकडं.

एम-सीलचे दोन भाग सारख्या रंगाचे होईपर्यंत मळा आणि तीन सेंटिमीटर व्यासाची चकती थापा. टूथपिकने आधी तीन मोठ्या पट्ट्यांच्या रेघा समान अंतरावर ओढा, मग उरलेल्या जागेत कमीजास्त रुंदीच्या. पट्ट्यांवर टोकाने छोटे उंचवटे उठवा. हात ओला ठेवला तर एम-सील चिकटत नाही. ते घट्ट व्हायला लागण्याआधी हे सगळं उरकायचं असतं, म्हणून रेखाटन समोर ठेवूनच मळायला घ्या. चकती रात्रभर बाजूला ठेवा.

धड

७२ सेंटिमीटर तार दुहेरी करून ३६ सेंटिमीटरचा कणा तयार करा. (प्राण्याला अर्थातच कणा नव्हता, हा आपल्या सोयीचा.) त्याच्याभोवती वर्तमानपत्राचे बोळे मास्किंग टेपने आवळून बसवा. आकार निमुळता हवा: डोकं छोटं, त्यामागे मान, मग धड रुंद होऊन शेपटीकडे हळूहळू अरुंद होत जातं. सर्वांत रुंद जागी मी ७ सेंटिमीटर रुंदी आणि ४ सेंटिमीटर जाडी ठेवतो. जीवाश्म चेपलेले असल्यामुळे जाडीचा आकडा हा अंदाजच असतो. प्रतिकृतीच्या माहितीपत्रकात तसं लिहून टाका.

त्यावर फेविकॉल-पाण्यात भिजवलेल्या कागदाच्या पट्ट्यांचे तीन थर द्या, प्रत्येक थर पूर्ण वाळू द्या. पावसाळ्यात एका थराला दोन दिवसही लागतात. पंख्याखाली ठेवा, उन्हात ठेवू नका, कागद आक्रसतो. शेवटी पॉलिश पेपर फिरवा.

धडाखाली पाय लावायचा मोह होईल. काही जुन्या चित्रांत पाय दिसतातही. ते चीनमधल्या पॅरापेटोइया या वेगळ्या प्राण्यावरून आले. ॲनोमॅलोकॅरिसच्या जीवाश्मांत चालायचे पाय नाहीत.

पर आणि कल्ले

धडाच्या दोन्ही बाजूंना परांच्या १३ जोड्या लागतील, आणि मानेपाशी आणखी तीन छोट्या जोड्या. फाइलच्या प्लॅस्टिक कव्हरातून मागे झुकलेल्या त्रिकोणी आकाराचे पर कापा. पुढचे ६-७ सेंटिमीटर लांब, शेवटचे अडीच. मानेचे त्याहून लहान. कोपरे गोल करा. जिथे चिकटवायचे तिथे एक सेंटिमीटरची पट्टी जास्त ठेवून ती दुमडा आणि धडाच्या बाजूला कटरने बारीक चीर देऊन आत सरकवा, वरून फेविक्विक. नुसते कडेला चिकटवले तर प्रदर्शनाच्या पहिल्या तासात तीन-चार पर गळून पडतात, कारण प्रत्येक मूल हात लावतं.

सगळे पर एका पातळीत ठेवू नका. शेजारशेजारचे पर पाठोपाठ वरखाली होऊन शरीराच्या कडेने एक लाट पुढून मागे जात असावी, असं त्याच्या पोहण्याचं गणित मांडलं गेलंय. म्हणजे एका बाजूचे सगळे पर मिळून एकाच लांब परासारखे काम करायचे. पहिले तीन पर थोडे वर, पुढचे तीन-चार हळूहळू खाली, पुन्हा वर, अशी लाट द्या. प्लॅस्टिकवर हेअर ड्रायरची गरम हवा लांबून सोडली की ते वाकतं आणि वाकलेलंच राहतं. प्रतिकृतीत जीव येतो तो इथे.

कल्ले पाठीवर असतात. पातळ, केसांसारख्या पात्यांच्या ओळी, प्रत्येक खंडावर डावीउजवीकडे एकेक, मधोमध जागा मोकळी. ट्रेसिंग पेपरच्या तीन सेंटिमीटर लांब पट्ट्यांना कात्रीने दाट झालर कापा आणि पट्टीची फक्त पुढची कड चिकटवा, झालर मागे मोकळी राहू दे. इतर प्रतिकृतींत हा भाग बहुतेक वेळा नसतोच, त्यामुळे जाणकार परीक्षकाची नजर आधी इथे जाईल.

डोकं आणि डोळे

डोक्यावर वरून फोमची छोटी अंडाकृती ढाल चिकटवा. हातांच्या तारा डोक्याच्या पुढच्या-खालच्या बाजूने आत रुतवा आणि एम-सीलने पक्क्या करा. तोंडाची चकती हातांच्या बुंध्यामागे, डोक्याच्या खालच्या अंगाला. समोरून तोंड दिसत असेल तर ते फार पुढे बसलंय.

डोळ्यांची माहिती ऑस्ट्रेलियातून आली. कांगारू बेटावरच्या इमू बे शेलमध्ये सापडलेल्या जवळच्या नातेवाइकाच्या डोळ्यांचं वर्णन २०११ मध्ये जॉन पॅटरसन आणि सहकाऱ्यांनी ‘नेचर’मध्ये केलं. डोळे २ ते ३ सेंटिमीटरचे, देठावर बसलेले, आणि एकेका डोळ्यात किमान १६,००० भिंगं. आजच्या चतुरांच्या डोळ्यांशीच तुलना व्हावी असा आकडा आहे हा.

एम-सीलचे दोन लंबगोल करा आणि जाड तारेच्या आखूड देठांवर डोक्याच्या दोन्ही बाजूंना बसवा. मच्छरदाणीची जाळी दाबून षटकोन उठवायची युक्ती बरेच जण सांगतात, ती टाळा. प्रत्यक्षातलं एकेक भिंग दशांश मिलिमीटरच्या आसपास होतं, हातभर अंतरावरून ते सुटं दिसणारच नाही. गुळगुळीत घासून गडद रंग आणि वर नेलपॉलिशचा पारदर्शक हात, एवढंच पुरे.

शेपूट

१९८५ च्या चित्रात शेपटीचा पंखा नव्हता. तो १९९० च्या दशकात, रॉयल ओंटारिओ म्युझियमच्या डेस्मंड कॉलिन्स यांनी जमवलेल्या अधिक पूर्ण नमुन्यांतून पुढे आला. मोठ्या पात्यांच्या तीन जोड्या, बाजूंना आणि तिरक्या वर उठलेल्या, आणि मधे शेवटी एक छोटं पातं. फाइल कव्हरातूनच कापा. वेग घेण्यापेक्षा दिशा वळवायला हा पंखा जास्त उपयोगी पडत असावा, असं पाण्याच्या प्रवाहाच्या अभ्यासातून दिसतं.

रंग

जीवाश्मांत रंग टिकलेला नाही, त्यामुळे इथे तुम्हाला मोकळीक आहे. मी पाठ गडद आणि पोट फिकं ठेवतो, कारण उघड्या पाण्यात पोहणारे आजचे बरेच प्राणी तसे असतात. बाजारात भडक लाल-केशरी खेळणी मिळतात. ती उकडलेल्या कोळंबीवरून सुचली असावीत अशी माझी शंका आहे. पर पारदर्शकच राहू द्या, कडेला फक्त रंगाचा पुसट हात.

हात ताणलेले की वळलेले?

ही निवड सजावटीची नाही, कारण त्यातून तुम्ही त्याच्या शिकारीबद्दल विधान करता. अनेक वर्षं तो ट्रायलोबाइट (टणक कवचाचे समुद्री प्राणी) फोडून खात असे, हे पाठ झालेलं वाक्य होतं. २०२३ मध्ये रसेल बिकनेल आणि सहकाऱ्यांनी हातांचं त्रिमितीय संगणकीय विश्लेषण केलं. तुलनेला त्यांनी आजचे व्हिप स्पायडर आणि व्हिप स्कॉर्पियन हे कोळी-विंचवांचे नातलग घेतले. (व्हिप स्पायडर आपल्या सह्याद्रीतही आहेत, पुढचे काटेरी हात पाहायला मिळाले तर जरूर पाहा.) निष्कर्ष असा की हे हात झटकन पकडायला उत्तम, पण ट्रायलोबाइटचं टणक कवच फोडायला गेले असते तर त्यांनाच इजा झाली असती. उघड्या पाण्यातलं मऊ, चपळ भक्ष्य त्याला जास्त सोयीचं. हात पुढे ताणलेले असताना पाण्याचा अडथळाही सर्वांत कमी.

म्हणून माझी शिफारस: एक हात पूर्ण ताणलेला, दुसरा टोकाशी आत वळायला लागलेला. खाली ट्रायलोबाइट ठेवायचाच असेल तर ठेवा, पण तो हाताच्या मुठीत नको.

टांगणी आणि प्रश्न

मासेमारीच्या दोन दोऱ्या, एक मानेमागे आणि एक शेपटीपुढे, म्हणजे प्रतिकृती गिरकी घेत नाही. मुलांच्या डोळ्यांच्या थोडं वर टांगा. तोंड खालच्या बाजूला असल्यामुळे तेवढ्या उंचीवरूनच ते दिसतं. शेजारी एक पान ठेवा: जातीचं नाव, वय, बर्जेस शेल हे ठिकाण, प्रमाण १:१, आणि दोन रकाने. एकात जीवाश्मावरून घेतलेलं, दुसऱ्यात आपला अंदाज. दुसऱ्यात रंग, धडाची जाडी आणि परांच्या लाटेची उंची येईल.

‘आपल्याकडे सापडेल का?’ हा प्रश्न हमखास येतो. महाराष्ट्राचा बहुतांश भाग साडेसहा कोटी वर्षांच्या आसपासच्या लाव्हाच्या बेसॉल्टने झाकलेला आहे. त्या काळ्या दगडात कॅम्ब्रियन समुद्र शोधून उपयोग नाही. भारतातले कॅम्ब्रियन ट्रायलोबाइट हिमालयात आहेत, उदाहरणार्थ स्पितीतल्या पराहिओ खोऱ्यात. आणि कुणी कॅनडात असेल तर माउंट स्टीफनवर पार्क्स कॅनडाने मान्य केलेल्या मार्गदर्शकाबरोबरच जाता येतं. तिथला दगड हातात घेऊन पाहता येतो, पण खिशात टाकून आणणं हा गुन्हा आहे.